परक्या मेंढ्यांसमोर कुत्रा उतरवण्याआधी

घरच्या मेंढ्यांवर विश्वास ठेवू नका. त्या कुत्र्याला ओळखतात, कुठे वळायचं हे त्यांना पाठ असतं, म्हणून घरी सगळंच छान जमतं. शीपडॉग ट्रायलला, म्हणजे मेंढ्या हाकणाऱ्या कुत्र्यांच्या स्पर्धेला, नाव देण्याआधी आपला बॉर्डर कोली (मेंढ्या राखणाऱ्या जातीचा कुत्रा) निदान तीन-चार परक्या कळपांवर, अनोळखी रानात चालवून बघा.

पहिली तपासणी थांबण्याची. पायाशी असताना कुणीही थांबतं. तीनशे मीटरवर, वारा उलटा, मेंढ्या पळतायत, तेव्हा एका शिट्टीत थांबतो का? दोनदा फुंकावी लागली तर या खेपेला नाव देऊ नका, असं माझं स्पष्ट मत आहे. कळपाभोवती फिरण्याचे दोन हुकूम: 'कम बाय' म्हणजे घड्याळाच्या काट्यांसारखं, 'अवे' म्हणजे उलट. या दोन्हींचे शिट्टीचे सूर तुम्हीही थोडं पळून, धाप लागलेली असताना वाजवून बघा. मैदानात तोंडाला कोरड पडते आणि सूर घसरतो, मग चूक कुत्र्याच्या नावावर जाते.

आता गुण. १९०६ साली स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय शीपडॉग सोसायटीच्या रूढ पद्धतीत एका परीक्षकाचे १०० गुण असतात: कळपामागे जाण्याच्या वळशाला २०, कळप हलवण्याला १०, आणण्याला २०, दूर हाकण्याला ३०, काही मेंढ्या कळपातून वेगळ्या काढायला १० आणि फाटकाच्या कोंडवाड्यात कोंडायला १०. सगळ्यात जास्त गुण हाकण्याला, आणि सराव सगळ्यात कमी त्याचाच! कळप मालकाकडे आणणं या कुत्र्याच्या रक्तात आहे. दूर नेणं मात्र शिकवावं लागतं. सरावाचा निम्मा वेळ तिथेच घाला.

कोंडायचा सराव दोरी हातात धरूनच करा, कारण तिथे फाटकाची दोरी सोडता येत नाही. शेवटची मेंढी तोंडाशी उभी राहून पाय आपटते, कुत्रा एक पंजा उचलून गोठलेला, आणि तुम्ही घाईने एक पाऊल जास्त टाकता. गेल्या सगळ्या! दात लावायची खोड असेल तर ती आधी मोडा, कारण चाव्यावर थेट बाद करतात.

नखं, तळव्यांच्या भेगा, बोटांमधली कुसळं आदल्या दिवशीच बघून घ्या. धावण्याआधी काही तास पोटभर जेवण नको. पाणी आणि सावली मात्र हवीच. आपली पाळी येईपर्यंत गप्पा मारत बसू नका, आधीच्या धावा बघा. मेंढ्या कुठल्या बाजूला ओढ घेतात ते कळलं, की कुत्रा नेमका कुठे उभा करायचा ते ठरवता येतं.