हायेक शिकवायचा तर लसणाचा बाजार भरवा

अर्थतज्ज्ञ फ्रीडरिक हायेक नुसत्या व्याख्यानातून पोहोचत नाही, सौदा करायला लावला की पोहोचतो. इंदूरच्या अभ्यासमंडळात चोइथराम मंडीतला लसूण घ्यावा. त्याच्या भावाची चढउतार घरोघरी ठाऊक असते.

सोळा माणसं हवीत. आठ ग्राहकांना चिठ्ठीवर कमाल भाव द्या: किलोला ६०, ५५, ५०, ४५, ४०, ३५, ३०, २५ रुपये. आठ विक्रेत्यांना किमान भाव, २० पासून ५५ पर्यंत, पाचापाचाने चढता. प्रत्येकी एकच किलो. चिठ्ठी कुणालाही दाखवायची नाही. हा नियम हमखास मोडतो, आणि मोडला की सगळंच फसतं, कारण माहिती कुणा एकापाशी नसते, ती विखुरलेली असते, हाच तर हायेकचा मुद्दा.

पाच-पाच मिनिटांच्या तीन फेऱ्या घ्या. भाव मोठ्याने पुकारायचा, ठरला की फळ्यावर लिहायचा. कुजबुजत सौदे झाले तर भाव विस्कटलेलेच राहतात. एरवी ते ४० च्या आसपास स्थिरावतात.

मग २० आणि २५ वाले विक्रेते कारण न सांगता उठवा. भाव ४५ कडे सरकतो, चाळीसवाला ग्राहक गळतो. १९४५ च्या निबंधात हायेकने कथलाचं उदाहरण दिलं ते नेमकं हेच: टंचाई कशामुळे आली हे न कळताही माणसं जपून वापरू लागतात.

चरित्राला दहा मिनिटं पुरेत. १८९९ मध्ये व्हिएन्नात जन्म, १९३१ पासून लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्स, १९७४ चं अर्थशास्त्राचं नोबेल. ते विरुद्ध मताच्या, म्हणजे सरकारी नियोजनाची बाजू घेणाऱ्या अर्थतज्ज्ञ गुन्नार मिर्दालसोबत विभागून मिळालं, हे आवर्जून सांगा.