ऑस्ट्रियन सिनेमातलं गाव पाहताना या चुका टाळा

उंच कडे, गाईंच्या गळ्यातल्या घंटा, हिरवी कुरणं दिसली की हेच ऑस्ट्रियातलं खेडं, असं अनेक जण धरून चालतात. टेरेन्स मॅलिकच्या 'अ हिडन लाइफ'मधलं सांक्ट राडेगुंड हे गाव खरं आहे, पण ते बव्हेरियाच्या सीमेवर, साल्झाख नदीजवळच्या ठेंगण्या टेकड्यांत वसलंय. पडद्यावरचे डोंगर मुख्यतः उत्तर इटलीतले आहेत.

दिग्दर्शक कुठला, यावरूनही गाव ठरवू नका. मिखाएल हानेके ऑस्ट्रियन, पण त्यांच्या 'दास वाइसे बांड'मधलं (२००९) गाव उत्तर जर्मनीतलं. खूण समोरच आहे: तिथला पाद्री बायकामुलांत राहतो, म्हणजे प्रोटेस्टंट. ऑस्ट्रियातली बहुतेक खेडी कॅथलिक, आणि कॅथलिक पाद्री लग्न करत नाही.

खरा घोळ होतो तो सबटायटलमुळे. 'बाउअर'चं भाषांतर नुसतं 'शेतकरी' असं येतं. जुन्या खेड्यात बाउअर म्हणजे जमिनीचा धनी. राबणारा तो 'क्नेश्ट', आपल्या भाषेत सालगडी. शिवाय बऱ्याच भागांत वाटण्या होत नसत. सगळी जमीन एकाच वारसाला मिळे आणि बाकीच्या भावंडांना पुष्कळदा कुणाच्या तरी दारी राबावं लागे. (टिरोलच्या पश्चिमेला मात्र वाटण्या होत.) भावाभावांत बांध पडलेले पाहत आलेल्या आपल्या नजरेतून हे हमखास सुटतं.

हे माहीत नसेल तर श्टेफान रुझोविट्स्कीचा 'डी झिबटेलबाउअर्न' (१९९८) निम्मा हातचा जातो. डॅन्यूबच्या उत्तरेचा म्यूलफिअर्टल हा भाग, काळ १९३० च्या आसपासचा. मालकाचा खून होतो आणि मृत्युपत्रात शेत गड्यांच्या नावावर निघतं. नावाचा अर्थच 'सातव्या हिश्श्याचे बाउअर'. 'सातवा हिस्सा' आणि 'बाउअर' हे शब्द एकत्र नांदूच शकत नाहीत, आणि गावातल्या धन्यांचा संताप नेमका तिथून उसळतो. त्यामुळे सिनेमा मूळ आवाजातच पाहा आणि बाउअर हा शब्द कोण कुणासाठी वापरतो, इकडे कान ठेवा.

पन्नाशीच्या दशकातले 'हाइमाटफिल्म', म्हणजे मायभूमीचे गोडवे गाणारे चित्रपट, गावाची नोंद म्हणून पाहू नका. १९५४ च्या 'एको डेअर बेर्गे'मध्ये वनरक्षक आहे, हरणं आहेत. शेणामातीतली कामं शोधावी लागतात. तो पाहिल्यावर लगेच दूरचित्रवाणीची सहा भागांची 'आल्पेनसागा' (१९७६-८०) लावा. शेतकऱ्यांच्या आयुष्याचा विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून १९४५ पर्यंतचा काळ तिच्यात सलग येतो.