कोकणातल्या विज्ञानकथेसाठी घडीचं दार कसं रचायचं

कथा सन ६००० मधली. दादरला दारात शिरलेला माणूस दुसऱ्या पावलाला रत्नागिरीच्या मांडवी बंदरावर उतरतो. इथपर्यंत सगळ्यांनाच सुचतं. कथा उभी राहते ती या दाराची किंमत कोण आणि कशी मोजतं यावर, म्हणून पात्रांची नावं ठरवण्याआधी दाराचे आकडे काढून ठेवा.

दार म्हणजे भौतिकशास्त्रातलं कृमिविवर (वर्महोल): अवकाशाला घडी घालून दोन लांबची ठिकाणं जोडणारा आखूड बोगदा. माणूस सुखरूप पार जाईल असं कृमिविवर आइन्स्टाइनच्या समीकरणांत बसतं, हे मायकेल मॉरिस आणि किप थॉर्न यांनी १९८८ मध्ये मांडलं. अट अशी की त्याचा घसा, म्हणजे दोन तोंडांमधली वाट, उघडा ठेवायला ऋण (शून्याहून कमी) ऊर्जा हवी, आणि एक मीटर त्रिज्येसाठी ती गुरू ग्रहाच्या वस्तुमानाच्या पातळीवर जाते. ती कुठून आणली हे सांगत बसू नका. पंखा लावताना वीज कुठून आली हे कोणी सांगत नाही. मात्र ऋणाइतकंच धन वस्तुमान जोडून दोन्ही तोंडांचं निव्वळ वजन शून्याजवळ आणा.

दोन्ही तोंडं समुद्रसपाटीलगत ठेवा. एक तोंड आंबा घाटात उघडायचा मोह होतो आणि कथा तिथेच फसते. चढण ६०० मीटर धरली, तर ७० किलोच्या माणसाला वर न्यायला सुमारे ४ लाख १२ हजार ज्यूल लागतात. दार अंतर खातं, चढण खात नाही. घसा एक मीटर लांब असेल तर सगळी चढण त्या मीटरभरात कोंबली जाते, म्हणजे आत गुरुत्वाकर्षण ६०० पट आणि माणसाचा चेंदामेंदा.

‘आमच्या दारात चढ लागतच नाही’ असं लिहिलंत तर आणखी पंचाईत. खालच्या हवेचा दाब वरच्यापेक्षा साधारण ७ टक्के जास्त, त्यामुळे दारातून ताशी ३९० किलोमीटरच्या घरात वारा सुटेल. उंचावर काळ किंचित जलद चालतो, म्हणून वरचं घड्याळ दर वर्षी सेकंदाचा सुमारे ५ लाखावा भाग पुढे जाईल. किनाऱ्यापासून आंबा घाटापर्यंतचं पन्नासेक किलोमीटर हवाई अंतर कापायला प्रकाशाला जेवढा वेळ लागतो, तेवढा फरक साठायला ८० वर्षं पुरतात, आणि मग तुमचं दार भूतकाळात उघडायला लागतं. कालप्रवासाची कथा हवी असेल तर उत्तमच. नको असेल आणि घाट सोडवत नसेल, तर घसा १२ किलोमीटर लांब करा. चढ २० ला १ पडतो, गाडी आरामात जाते.

सपाटीवरही वारा पाठ सोडत नाही. दोन्हीकडच्या हवेच्या दाबात २ हेक्टोपास्कलचा फरक असला, तरी उघड्या दारातून ताशी ६५ किलोमीटरचा झोत येतो. म्हणून प्रत्येक तोंडाला देवडी बांधा: बाहेरचं दार बंद, मग झडप उघडून दाब सारखा, मग आतलं दार. देवडी सामानाच्या गाडीपेक्षा लांब हवी, नाहीतर गाडी अडकून दोन्ही दारं उघडी राहतात. बिजागऱ्या खाऱ्या हवेत गंजतात; पावसाळ्यात तिथे एक माणूस ग्रीसचा डबा घेऊन असू द्या.

सगळ्यात कसदार भाग वजनाचा. माणूस ज्या तोंडातून शिरतो, त्या तोंडाच्या खात्यात त्याचं वस्तुमान जमा होतं आणि ज्यातून निघतो त्यातून तेवढंच वजा. एरवी ये-जा होऊन तोल राहतो. पण गणपतीला गर्दी एकाच दिशेने. एक लाख चाकरमानी, सरासरी ७० किलो धरले तर ७० लाख किलो: दादर तेवढं जड, रत्नागिरी तेवढीच उणी. म्हणून तेवढंच वजन रत्नागिरीहून दादरला गेलं पाहिजे. हापूसच्या पेट्या सुचतील, पण भाद्रपदात आंबा कुठला? जांभ्याचे चिरे पाठवा, किंवा सरळ समुद्राचं पाणी, सात हजार घनमीटरला थोडं कमी. विसर्जनानंतर गर्दी उलटली की पाणीही उलटं न्यावं लागतं, म्हणजे दादरला तेवढी टाकी हवी.

तफावत किती झाली की दार बंद करायचं, ती मर्यादा सुरुवातीलाच ठरवा, समजा ५० टन, आणि कथेच्या सोयीसाठी मध्येच वाढवू नका. मग देवडीतल्या काट्यावर बसलेल्या कारकुनाला काम मिळतं: चतुर्थीच्या आदल्या रात्री काटा ४९ टन ९४० किलोवर आहे, पाण्याचा पंप बंद पडलाय, आणि दारात ७० किलोचा माणूस पाटावरची मूर्ती घेऊन उभा आहे.