पसारा होऊ द्या, पण या चुका टाळा

घरच्या सामानातला प्रयोग फसला की मुलांचा चेहरा उतरतो आणि आपण घाईघाईने पसारा आवरायला घेतो. ही घाई सोडा. काय चुकलं हे शोधण्यातच खरी मजा आहे.

कॉर्नफ्लॉवरच्या लगद्याचंच बघा. बुक्की मारली की घट्ट, हात सैल सोडला की पातळ. तो जमला नाही असं कुणी म्हटलं की मी आधी पीठ विचारते. भाकरीचं मक्याचं पीठ चालत नाही. पांढरं, चिमटीत करकरणारं कॉर्नफ्लॉवरच हवं. दोन वाट्यांना साधारण एक वाटी पाणी, तेही चमच्याचमच्याने. उरलेला लगदा मोरीत ओतू नका, पाइप तुंबतो.

हळदीच्या कागदाला खाण्याचा सोडा लावून लाल रंगाची वाट पाहू नका. सोडा फार सौम्य, रंग जेमतेम बदलतो. कपड्याच्या साबणाचं पाणी लावा, कागद तांबडा होतो. वर लिंबू पिळा, पुन्हा पिवळा! हळदीत चुना घालून कुंकू करतात ते याच गुणावर.

सोडा-व्हिनेगरचा फेस जरूर उडवा, पण खरा ज्वालामुखी असाच फुटतो असं सांगू नका. सह्याद्रीचा काळा कातळ सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या वितळलेल्या खडकाचा आहे. तिथे सोडा नव्हता.

सगळ्यात जास्त घोटाळा मेणबत्तीच्या प्रयोगात होतो. ताटलीत पाणी, मधोमध पेटती मेणबत्ती, वर काचेचा ग्लास. ज्योत विझते, पाणी वर चढतं. "ऑक्सिजन संपला, त्याची जागा पाण्याने घेतली" हे उत्तर आपणही शाळेत पाठ केलं. पण नीट बघा. ज्योत जळत असताना पाणी फारसं हलत नाही, विझल्यावर झपकन चढतं. ज्योतीने तापून फुगलेली हवा थंड होताना आकसते, आतला दाब कमी होतो आणि बाहेरची हवा पाणी आत ढकलते. कधी कधी सुरुवातीला ग्लासाच्या कडेने बुडबुडे निघतात, ती फुगून बाहेर पडणारी हवा.

मुलांना हे आधी सांगून टाकू नका. तोच ग्लास, तेवढंच पाणी, पण मेणबत्त्या तीन घ्या. आतला ऑक्सिजन तेवढाच. पाणी कुठवर चढेल, त्याची खूण प्रत्येकाला ग्लासावर करू द्या. मगच तुम्ही काडी ओढा.