चेटकिणींवरचे जुने ग्रंथ कसे वाचायचे

'मॅलेअस मॅलेफिकारुम', म्हणजे 'चेटकिणींवरचा हातोडा', हा हाइन्रिख क्रामरचा ग्रंथ युरोपातल्या चेटूकविरोधी ग्रंथांपैकी सर्वांत गाजलेला. तो उघडला की पहिल्याच प्रश्नाखाली एक चमत्कारिक मजकूर दिसतो: चेटकिणी असतात असं म्हणणं धर्माला धरून नाही. घाईत वाचणारा हे वाक्य टिपून घेतो आणि लेखकाच्या नावावर खपवतो. प्रत्यक्षात तो पूर्वपक्ष, म्हणजे खोडण्यासाठी आधी मांडलेलं समोरच्याचं म्हणणं आहे, आणि पुढचं सगळं पुस्तक तो खोडण्यासाठी लिहिलेलं आहे. शास्त्रार्थाची रीत ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला हे समजायला खरं तर दोन मिनिटं पुरतात. या ग्रंथांकडे मंत्रांची पोथी म्हणून न बघता कोर्टातली फाइल म्हणून बघितलं, की बरेच घोळ आपोआप टळतात.

आधी हातातली प्रत कोणती ते ठरवा

मुखपृष्ठावरच्या नावावर विसंबू नका. पंधराव्या शतकातल्या छापील पुस्तकांना बहुधा आजच्यासारखं मुखपृष्ठच नसतं. छापणारा, गाव आणि साल हा तपशील असलाच तर शेवटच्या पानावरच्या समाप्तिलेखात मिळतो. 'मॅलेअस'च्या पहिल्या आवृत्तीत तोही नाही. ती श्पायर गावी पेटर द्राखच्या छापखान्यात १४८६च्या अखेरीस छापली गेली, हे अभ्यासकांनी टाइपाची वळणं आणि इतर कागदपत्रं जुळवून ठरवलं. १५००पर्यंतच्या पुस्तकांसाठी ब्रिटिश लायब्ररीची आयएसटीसी ही सूची पाहा. सोळाव्या शतकातल्या जर्मन प्रदेशातल्या छपाईसाठी व्हीडी१६ आहे. दोन्ही फुकट आहेत.

आंतरजालावर सहज सापडतं ते मॉन्टेग्यू समर्स यांचं १९२८चं इंग्रजी भाषांतर. ते वाचनीय आहे, पण समर्स यांचा चेटकिणींवर खरोखरच विश्वास होता, आणि त्यांची प्रस्तावना म्हणजे मूळ लेखकाची आरतीच आहे. अभ्यासासाठी क्रिस्टोफर मॅके यांची २००६ची दोन खंडांतली प्रत घ्या, तिच्यात लॅटिन मूळ आणि इंग्रजी भाषांतर दोन्ही आहे. नुसतं भाषांतर हवं असेल तर त्यांचाच २००९चा एकखंडी अवतार पुरतो. उद्धृत करताना पानाचा आकडा कधीही देऊ नका, कारण तो आवृत्तीगणिक बदलतो. 'भाग १, प्रश्न ६' असं लिहा. पहिल्या भागात १८ प्रश्न आहेत. दुसऱ्यात दोनच, पण त्यांना अनुक्रमे १६ आणि ८ प्रकरणं जोडलेली आहेत. तिसऱ्यात ३५ प्रश्न आहेत.

जुनी स्कॅन प्रत शोधयंत्रातून चाळत असाल तर एक खोच लक्षात ठेवा. त्या काळच्या छपाईतला लांब 'एस' संगणकाला 'एफ' दिसतो. 'स्ट्रिगा' शोधून काही मिळालं नाही, तर स्पेलिंगमध्ये 'एस'च्या जागी 'एफ' घालून पुन्हा शोधा. 'यू' आणि 'व्ही', 'आय' आणि 'जे' यांची अदलाबदलही करून बघा. स्वराच्या डोक्यावरची आडवी रेघ म्हणजे गाळलेला 'एम' किंवा 'एन', आणि पायाला रेघ मारलेला 'पी' म्हणजे बहुधा 'पेर'. एवढ्या चार युक्त्यांवर अर्धं पान उलगडतं.

सुरुवातीची कागदपत्रं तारखेनं लावा

'मॅलेअस'च्या आरंभी पोप आठवा इनोसंट याचं फर्मान असतं. ते वाचून 'पोपनं या ग्रंथाला मान्यता दिली' असं सर्रास लिहिलं जातं. तारीख बघा: ५ डिसेंबर १४८४. तेव्हा ग्रंथ छापलेलाच नव्हता. फर्मानाचा विषय एवढाच होता की हाइन्रिख क्रामर आणि याकोब श्प्रेंगर या डॉमिनिकन पंथाच्या दोन धर्मचौकशी अधिकाऱ्यांना जर्मन प्रदेशात काम करताना कोणी अडवू नये. १४८५मध्ये क्रामरनं इन्सब्रुकला खटले चालवले, ते कोसळले, आणि तिथल्या बिशपनं, गेओर्ग गोल्झरनं, त्याला गाव सोडायला लावलं. ग्रंथ आला तो त्यानंतर. मग जोडलं गेलं कोलोनच्या प्राध्यापकांचं मान्यतापत्र, तारीख मे १४८७, म्हणजे पहिल्या छपाईनंतरची. चार तारखा एका कागदावर उतरवल्या की हरलेल्या माणसानं उभा केलेला बचाव स्पष्ट दिसतो. श्प्रेंगरचं नाव सहलेखक म्हणून असलं तरी त्याचा हात किती, यावर वाद आहे. आम्ही 'क्रामरचा ग्रंथ' असंच म्हणतो.

पूर्वपक्ष, सिद्धान्त, उत्तर

आता मुख्य काम. पेन्सिल घ्या आणि प्रत्येक प्रश्नाच्या समासात तीन खुणा करा: पू, सि, उ.

प्रश्न 'उत्रुम', म्हणजे 'की नाही', या शब्दानं उघडतो. लगेच 'नाही असा युक्तिवाद होतो' अशा अर्थाचं वाक्य येतं. तिथे 'पू' लिहा. या पूर्वपक्षात बायबलची वचनं असतील, संत असतील, कायद्याचे दाखले असतील. ते कितीही भारदस्त वाटले तरी लेखकाचे समजू नका. मग 'कोन्त्रा' हा शब्द येतो आणि गाडी वळते. 'रेस्पोन्सिओ' किंवा 'रेस्पोन्देओ' दिसलं की 'सि'. शेवटी 'आद प्रिमुम', 'आद सेकुंदुम', म्हणजे पहिल्याला उत्तर, दुसऱ्याला उत्तर, अशी रांग लागते. तिथे 'उ', आणि प्रत्येक उत्तर ज्या आक्षेपाला आहे त्याच्याशी रेघेनं जोडा.

भाग १, प्रश्न १वर हे करून बघा. पूर्वपक्षातला सर्वांत वजनदार दाखला 'कानोन एपिस्कोपी'चा आहे. हा नियम ९०६च्या सुमारास प्र्यूमच्या रेगिनोनं आपल्या संग्रहात घेतला, आणि पुढे ११४०च्या आसपास ग्रेशियननं तो धर्मकायद्यात आणला. त्यात म्हटलंय की काही बायका रात्री डायना देवीबरोबर जनावरांवर बसून फिरल्याचं मानतात, पण तो सैतानानं दाखवलेला भ्रम आहे. म्हणजे चर्चचाच जुना कायदा क्रामरच्या आड येत होता. तो 'उ'च्या रांगेत त्यातून वाट कशी काढतो हे बघणं हाच या प्रश्नाचा गाभा: त्या बायका वेगळ्या, आजच्या चेटकिणी वेगळ्या, आणि सैतान माणसाला खरोखरही उचलून नेऊ शकतो. एखाद्या आक्षेपाला उत्तरच सापडलं नाही, तर तिथे मोठं प्रश्नचिन्ह करा. लेखक जिथे गप्प बसतो ती जागा फार कामाची असते.

पहिल्यांदाच वाचत असाल तर सलग वाचू नका, तिसऱ्या दिवशी पुस्तक मिटेल. क्रम असा ठेवा: भाग १चे प्रश्न १ आणि ६, मग भाग २च्या पहिल्या प्रश्नातली चार-पाच प्रकरणं, मग भाग ३चा प्रश्न १५. सहाव्या प्रश्नात स्त्रियांच चेटकिणी का होतात याची कारणं येतात आणि 'फेमिना' हा शब्द 'श्रद्धा' आणि 'कमी' या दोन शब्दांपासून बनला अशी खोटी व्युत्पत्ती दिली जाते. पंधरावा प्रश्न न्यायाधीशाला सांगतो की आरोपी बाई रडू शकत नसेल तर ती चेटकीण असल्याची ती खूण. तिथे तत्त्वचर्चेचा अंगरखा गळून पडतो. तिसऱ्या भागाचा बराच मसाला निकोलस एमेरिकच्या १३७६च्या चौकशी-नियमावलीतून उचललेला आहे, त्यामुळे तो क्रामरचा शोध म्हणून मांडू नका.

गोष्ट कुठून आली ते हुडका

या ग्रंथांतल्या गोष्टी एकमेकांच्या घरी उसन्या जातात. योहानेस नायडरनं १४३०च्या दशकाच्या उत्तरार्धात 'फोर्मिकारिउस' लिहिलं. गुरू आणि आळशी शिष्य यांच्या संवादातल्या या ग्रंथाच्या पाचव्या भागात बर्नजवळच्या झिमे खोऱ्यातले किस्से आहेत, पेटर नावाच्या न्यायाधीशाकडून ऐकलेले. तेच किस्से ५० वर्षांनी 'मॅलेअस'मध्ये येतात. फ्रान्चेस्को मारिया ग्वात्सोचं 'कॉम्पेन्दिउम मॅलेफिकारुम' (मिलान, १६०८) तर निकोला रेमी आणि मार्टिन डेल रिओ यांच्या पुस्तकांतून भरभरून घेतं. म्हणून 'चार वेगवेगळ्या ग्रंथांत हाच प्रकार नोंदलाय' असं लिहिण्याआधी वहीत चार रकाने आखा: घटना कुठली, कोणी पाहिली, कोणी सांगितली, कोणी छापली. बहुतेक वेळा चारही ग्रंथांचा दुसरा रकाना एकाच माणसापाशी येऊन थांबतो.

नकलेतली चूक हाही पुरावाच. योहान वायर या वैद्यानं १५७७मध्ये आपल्या ग्रंथाला ६९ दैत्यांची यादी जोडली. हेतू होता असल्या याद्यांचं हसं करण्याचा, आणि कोणी वापरू नये म्हणून त्यानं काही मजकूर मुद्दाम गाळला. रेजिनल्ड स्कॉटनं १५८४मध्ये ती इंग्रजीत आणली, पण त्याच्याकडे प्रुफ्लास हा एक दैत्य सुटला. पुढे सतराव्या शतकातल्या 'गोएशिया' या हस्तलिखितात ७२ दैत्य आहेत, त्यांतही प्रुफ्लास नाही. ६८ अधिक ४ नवे, झाले ७२. आता 'सॉलोमन राजाच्या काळापासून चालत आलेली यादी' असं कोणी सांगितलं की एवढा हिशेब पुढे करा.

विरोधकाचं पुस्तक शेजारी ठेवा

एकटा ग्रंथ वाचला की तोच त्या काळाचा आवाज वाटू लागतो. वायरनं १५६३मध्ये बासेलहून 'दे प्रेस्टिजिइस डेमोनुम' छापलं. कबुली देणाऱ्या म्हाताऱ्या बायका खिन्नतेनं आजारी आहेत, त्यांना जाळू नका, वैद्याकडे न्या, असा त्याचा सूर. मात्र तो सैतानाला नाकारत नाही, उलट सगळा दोष त्याच्याच माथी मारतो. त्यामुळे वायरला 'बुद्धिवादी' म्हणताना हात आखडता घ्या. १५८०मध्ये ज्याँ बोदँनं 'डेमोनोमनी' लिहून शेवटी वायरवर स्वतंत्र हल्ला जोडला. १५८४मध्ये स्कॉटनं 'डिस्कव्हरी ऑफ विचक्राफ्ट'मध्ये जादूगारांच्या हातचलाखीचे प्रकार चित्रांसह उघड केले. १५९७मध्ये स्कॉटलंडचा राजा सहावा जेम्स 'डेमनोलॉजी' लिहितो आणि प्रस्तावनेतच स्कॉट व वायर यांची नावं घेऊन तुटून पडतो. सुरुवात जेम्सपासून करा, कारण पुस्तक छोटं आहे, संवादरूप आहे, आणि कोणाशी भांडण आहे ते पहिल्याच पानांत कळतं. मग मागे जा. स्कॉटची १६६५ची आवृत्ती मात्र टाळा, तिच्यात निनावी हातानं भूतविद्येची नवी प्रकरणं घुसडलेली आहेत, म्हणजे चेटकाचा भांडाफोड करणाऱ्या पुस्तकाचीच चेटूक-पोथी करून टाकलेली.

काही विरोधक शत्रूच्या पुस्तकातच सापडतात. कॉर्नेलियस लूसनं जर्मनीतल्या ट्रियरच्या चेटूक-खटल्यांविरुद्ध लिहिलेला ग्रंथ १५९२मध्ये छापता छापता अडवला गेला आणि त्याला माघारीचा जबाब द्यावा लागला. तो जबाब जगाला कळला डेल रिओनं छापला म्हणून. मूळ हस्तलिखित जॉर्ज लिंकन बर यांना ट्रियरच्या ग्रंथालयात १८८६मध्ये मिळालं. बर यांनीच वाढवलेला कॉर्नेल विद्यापीठाचा चेटूकविषयक संग्रह ३,०००हून अधिक पुस्तकांचा आहे आणि त्यातली बरीच आंतरजालावर पाहता येतात.

चित्रं आणि आकडे

समाजमाध्यमांवर 'मध्ययुगीन दैत्य' म्हणून फिरणारी मुकुट घातलेल्या बेडका-मांजराची आकृती बहुधा कोलँ द प्लाँसीच्या 'दिक्सिओनेर अँफेर्नाल' या नरककोशाच्या १८६३च्या आवृत्तीतली असते. चित्रकार लुई ल ब्रेतों. १८१८च्या पहिल्या आवृत्तीत ती चित्रं नाहीतच, आणि दोन आवृत्त्यांच्या मधल्या काळात लेखक टवाळखोराचा कट्टर कॅथलिक झालेला होता. पिएर द लाँक्र या फ्रेंच न्यायाधीशाच्या चेटकावरच्या ग्रंथातलं चेटकिणींच्या मेळाव्याचं प्रसिद्ध घडीचं चित्र १६१३च्या दुसऱ्या आवृत्तीत आहे. स्वस्त पुनर्मुद्रणांत ते गायब असतं किंवा घडी न उलगडताच स्कॅन केलेलं असतं, म्हणून विकत घेण्याआधी विचारा.

रेमीच्या १५९५च्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावर १५ वर्षांत सुमारे ९०० जणांना देहदंड झाल्याचं लिहिलंय. आत नावानिशी येणारे खटले त्याहून फार कमी आहेत. मुखपृष्ठ ही जाहिरात असते, तेव्हाही होती. चेटूक-खटल्यांत नव्वद लाख मेले हा आकडा आला अठराव्या शतकातल्या गॉटफ्रीड फोइग्टच्या गणितातून: एका गावच्या मोजक्या नोंदी घेऊन सगळ्या युरोपला आणि अनेक शतकांना गुणलं, उत्तर आलं ९४,४२,९९४. आजचे इतिहासकार ४० ते ६० हजारांच्या दरम्यान मानतात. १३३५च्या तुलूझच्या खटल्यांचा उल्लेख दिसला तर सरळ ओलांडून जा. ते लामोत-लाँगों या फ्रेंच लेखकानं १८२९मध्ये रचलेले बनाव आहेत, आणि १९७०च्या दशकात ते उघडे पडेपर्यंत भल्याभल्या ग्रंथांत मिरवत होते.

मराठीत लिहिताना

'मॅलेफिकिउम'ला आपल्याकडे नेमका शब्द आहे: करणी. 'काळी जादू' लिहून त्याची धार घालवू नका. 'मॅलेफिका' म्हणजे करणी करणारी. 'चेटकीण' चालेल, पण क्रामरच्या चेटकिणीनं सैतानाशी करार केलेला असतो, आपल्या चेटकिणीला त्याची गरज नसते, तेव्हा पहिल्या उल्लेखाला एवढं स्पष्ट करा. 'डीमन'ला भूत म्हणू नका. भूत म्हणजे मेलेल्या माणसाचं, आणि त्यांचा डीमन हा स्वर्गातून पडलेला देवदूत, जो कधी माणूस नव्हताच. 'पझेशन'साठी 'अंगात येणं' टाळा, कारण आपल्याकडे देवीही अंगात येते. 'झपाटणं' किंवा 'बाधा' बरं. 'देवचार' मोह पाडतो, पण जपून: गोव्यातल्या ख्रिस्ती कोंकणीत तो सैतान, आणि त्याच गोव्यात नि कोकणात हिंदू घरी तो गावाचा राखणदार. मालवणच्या वाचकाला तुमचं वाक्य नेमकं उलटं कळेल.