नेपोलियनची इंपीरियल गार्ड रंगवताय? या चुका टाळा

दर दोन-तीन महिन्यांनी कुणीतरी मला फोटो पाठवतं. टेबलावरच्या युद्धखेळाचे २८ मिलिमीटरचे प्लास्टिकचे शिपाई, अस्वलाच्या कातड्याच्या उंच टोप्या, लालभडक तुरे, पांढऱ्याशुभ्र विजारी आणि खाली ओळ : "ओल्ड गार्ड, वॉटर्लू. कसे झालेत?" (इंपीरियल गार्ड म्हणजे नेपोलियनची खास निवडक फौज; तिचे जुने, मधले आणि नवे भाग म्हणजे ओल्ड, मिडल आणि यंग गार्ड. वॉटर्लू ही १८१५ मधली त्याची शेवटची लढाई.) रंगकाम बहुतेक वेळा माझ्यापेक्षा सुबक असतं. पण शिपाई लढाईला नाही, वरातीला निघालेले दिसतात. तेच तेच पुन्हा लिहून कंटाळलो, म्हणून एकदाच सगळं इथे मांडतो.

केसाळ टोपी दिसली की ग्रेनेडियर

ही माझी सगळ्यात नावडती चूक, कारण ती मी स्वतः केली आहे. गार्डच्या पायदळात जुन्या मुरलेल्या शिपायांच्या दोन शाखा होत्या, ग्रेनेडियर आणि शासर. दोघांच्या डोक्यावर अस्वलाचं कातडं, दोघांचा कोट गडद निळा, छातीवरचे पट्टे पांढरे. लांबून बघितलं तर जुळे भाऊच.

मी दिवाळीच्या सुट्टीत ग्रेनेडियरांचे ३६ शिपाई रंगवले. निम्म्यांचे शासर करायचे ठरवलं, कारण वेगळा खोका घ्यायला पैसे नव्हते. हिशोब सोपा वाटला : तुरा हिरवा करायचा, टोक लाल ठेवायचं, खांद्यावरच्या एपॉलेटला हिरवा रंग आणि लाल झालर द्यायची, झालं. सोसायटीच्या हॉलमध्ये आम्ही चारपाच जणांनी टेबलं मांडली होती. तिथे आमच्या मजल्यावरचे एक निवृत्त सुभेदार डोकावले. नेपोलियनबद्दल त्यांना शाळेतल्या धड्याइतकीच माहिती. चष्मा कपाळावर चढवून ते वाकले, दोन्ही रांगा बघितल्या आणि म्हणाले, "या दोन वेगळ्या पलटणी म्हणतोस ना? मग बिल्ला एकच कसा रे?"

मी गप्प. कारण बिल्ला खरंच एकच होता. ग्रेनेडियरच्या टोपीवर पुढे गरुडाचं चिन्ह ठोकलेला तांब्या-पितळेचा पत्रा असतो. शासरच्या टोपीवर पत्रा नसतोच, नुसते केस. मग मान खाली घालून पुस्तकं उघडली तेव्हा आणखी दोन गोष्टी निघाल्या. ग्रेनेडियरच्या छातीवरचे पट्टे खाली सरळ कापलेले, शासरचे टोकदार. ग्रेनेडियरच्या लाल कफावर पांढरी तीन बटणांची पट्टी, शासरचा कफ टोकदार आणि त्याला पांढरं पाइपिंग, म्हणजे बारीक किनार. म्हणजे माझे १८ 'शासर' तीन ठिकाणी खोटं बोलत होते.

पत्रे कानसून काढले, सुरीच्या टोकाने केस कोरले. छातीचे पट्टे काही सुधारता येईनात, म्हणून शेवटी सगळ्यांना पुट्टीचे ओव्हरकोट चढवले. अकरा संध्याकाळी गेल्या. त्यातले काही शिपाई अजून जाड वाटतात, पोट सुटलेले. तेव्हापासून माझी सवय एकच : खोका उघडला की आधी टोपीचा पुढचा भाग बघायचा, मग कफ, आणि मगच ब्रशला हात लावायचा.

मनाला लावून घेऊ नका, या घोळात मोठे लोकही अडकले. वॉटर्लूनंतर, १८१५ च्या जुलैअखेर, इंग्रजांच्या 'फर्स्ट फूट गार्ड्स' या पायदळाच्या रेजिमेंटला 'ग्रेनेडियर गार्ड्स' हे नाव मिळालं, कारण त्यांनी फ्रेंच ग्रेनेडियरांना मागे रेटलं असं धरलं गेलं. ज्यांना रेटलं ते बहुधा शासर होते. नाव मात्र आजही चालू आहे.

आणि साध्या लाइन पायदळातही, म्हणजे गार्डबाहेरच्या नेहमीच्या फौजेतही, ग्रेनेडियर होते! प्रत्येक लाइन बटालियनमध्ये एक ग्रेनेडियर कंपनी असायची, एपॉलेट लाल, बऱ्याच काळ डोक्यावर केसाळ टोपीही. गार्डमध्ये मात्र आख्खी रेजिमेंटच ग्रेनेडियरांची. तेव्हा "माझ्याकडे सहा ग्रेनेडियर आहेत, गार्ड झाली" असं होत नाही.

वॉटर्लूला परेडचा पोशाख

वरात म्हणालो ती हीच. मोहिमेवर गार्डचा शिपाई निळा ओव्हरकोट आणि ढगळ विजार घालून चालायचा. तुरा मेणकापडाच्या खोळीत, टोपीवरच्या पांढऱ्या दोऱ्या काढून ठेवलेल्या. वाटेत तर केसाळ टोपीही बाजूला ठेवून साधी दुटोकी टोपी घालायचे. ठेवणीतला कोट पाठीवरच्या पिशवीत, शहरात मिरवत शिरायच्या दिवसासाठी. याला अपवाद आहे : रशियातल्या बोरोदिनोच्या लढाईत, ७ सप्टेंबर १८१२ रोजी, गार्ड नटूनथटून उभी राहिली. तिच्या पायदळाला त्या दिवशी लढायला पाठवलंच नाही, ते सोडा. पण १८ जून १८१५ चं टेबल मांडत असाल तर आदली रात्र पावसात आणि चिखलात गेलीये हे विसरू नका. पोटऱ्यांवरच्या पांढऱ्या कापडी गेटर्स कसल्या रंगवताय?

त्याहून मोठी गडबड म्हणजे त्या संध्याकाळचा हल्ला 'ओल्ड गार्ड'ने केला असं सरसकट म्हणणं. टेकडीवर चढले ते मुख्यतः ग्रेनेडियर आणि शासरांच्या तिसऱ्या-चौथ्या रेजिमेंटचे शिपाई, ज्यांना सगळे 'मिडल गार्ड' म्हणत. त्या वर्षी कागदोपत्री त्यांनाही ओल्ड गार्डच धरलं होतं, म्हणून गोंधळ वाढतो. या रेजिमेंटी घाईघाईत उभ्या केलेल्या. सगळ्यांना केसाळ टोप्या पुरल्या नाहीत. कुणाच्या डोक्यावर शाको (ताठ, उंच नळकांडी टोपी), कुणाच्या दुटोकी टोपी, कुणाची साधी कापडी. म्हणजे खोक्यातले एकसारखे शिपाई जसेच्या तसे चिकटवणं इथे चक्क चूक. जुन्या खोक्यांतली उरलेली डोकी मी डबीत साठवून ठेवतो, ती इथे कामाला येतात. पहिल्या रेजिमेंटचे ग्रेनेडियर मागे चौकोन करून उभे राहिले, आणि ग्रेनेडियर व शासर दोघांच्याही दोन नंबरच्या रेजिमेंटची एकेक बटालियन प्लॉन्सन्वा गावात यंग गार्डच्या मदतीला गेली. नकाशा न बघता टेबल मांडणाऱ्यांना हे कोण सांगणार!

बाकीचं पटापट

निळा म्हणजे काळा नाही, आणि शाळेच्या गणवेशाचा निळाही नाही. मी काळ्या प्रायमरवर गडद नेव्ही देतो आणि कडांना किंचित फिका. घाईचे लोक काळ्यावर एकच हात मारतात आणि 'शेड केलं' म्हणतात.

१८०६ च्या सुमारास लाइनच्या काही रेजिमेंटना पांढरे कोट दिले गेले. नीळ समुद्रापलीकडून यायची आणि समुद्र इंग्रजांच्या ताब्यात होता. तो प्रयोग लाइनचा, गार्डचा नाही. गार्डमध्ये पांढरा कोट दिसला तर तो डच ग्रेनेडियरांचा : १८१० मध्ये हॉलंड साम्राज्यात सामील झाल्यावर त्यांची राजगार्ड इकडे आली, किरमिजी पट्ट्यांच्या पांढऱ्या कोटात आणि पत्रा नसलेल्या केसाळ टोपीत. रशियात ती जवळजवळ संपली.

१८१२ च्या नियमांनी कोट आखूड झाला, छातीवर बंद झाला. यंग गार्डने तो घेतला. ओल्ड गार्ड आपल्या लांब शेपट्यांच्या जुन्या कोटालाच धरून बसली. एकाच बटालियनमध्ये दोन्ही नको.

गार्डच्या पोलिश घोडेस्वारांना स्पेनमधल्या सोमोसिएराच्या लढाईत भाले देऊ नका. ती चढाई ३० नोव्हेंबर १८०८ ची, भाले १८०९ मध्ये आले. तलवार द्या. पोलिश निळे-किरमिजी, लाल कोटवाले भालाईत डच. हे दोघे उलटे रंगवलेले मी मोजणं सोडून दिलंय.

उंचीचा घोळ : ग्रेनेडियरला ५ फूट ६ इंच लागायचे, पण ते फ्रेंच फूट-इंच. म्हणजे सुमारे १७८ सेंटीमीटर. त्याच मापाने नेपोलियन ५ फूट २ इंच, म्हणजे जवळपास १६८. कृपा करून त्याचे पाय कानसून त्याला बुटका करू नका. त्याचा रोजचा हिरवा कोट गार्डच्या घोडदळातल्या शासरांचा होता, सेनापतीचा नाही, आणि निळा घालायचा तो ग्रेनेडियरांचा.

ग्रेनेडियरच्या टोपीच्या मागे वर लाल कापडाचा गोल तुकडा असतो. फ्रेंच शिपाई त्याला माकडाचं ढुंगण म्हणत. आधी त्यावर पांढरा क्रॉस, नंतर ग्रेनेडचं चिन्ह. साल ठरवा, मग रंगवा. काळाच ठेवलात तर मला कळतं.

"एका रात्रीत रेजिमेंट कशी रंगवायची?" असं विचारणाऱ्या नवशिक्यांना मी येनाच्या लढाईची गोष्ट सांगतो. १४ ऑक्टोबर १८०६. गार्डला राखीव ठेवलं होतं आणि रांगेतून कुणीतरी ओरडलं, "पुढे चला!" नेपोलियनने सुनावलं ते साधारण असं, की हे कुणा मिसरूड न फुटलेल्या पोराचंच काम; आधी तीस लढाया लढव, मग मला सल्ला दे. मी तीस म्हणत नाही. सहा शिपाई नीट रंगवा, मग पुढचा खोका उघडा.

आणि मॅट वार्निशचा स्प्रे मुंबई-कोकणात जुलैत मारू नका. हवेतला दमटपणा बसतो आणि गडद निळ्यावर पांढुरकी साय येते. माझी यंग गार्डची एक आख्खी कंपनी अशी धुक्यात गेली. ऑक्टोबरपर्यंत डबा बंद ठेवा. तोवर कफांची बटणं करता येतात.