ताश्कंद अर्ध्या दिवसात बघायचं तर क्रम असा ठेवा

उझबेकिस्तानच्या बहुतेक सहलींत ताश्कंदच्या वाट्याला अर्धाच दिवस येतो. सगळ्यांना ओढ समरकंद-बुखाऱ्याची. विमान इथं उतरतं, पुढच्या गाडीला वेळ असतो, मग मधल्या वेळात शहर "दाखवून" टाकतात. बसच्या खिडकीतून चार घुमट, दोन चौक आणि शेवटी एक मॉल. मी गट घेऊन तिकडे जाते, आणि या उरकाउरकीचा मला मनापासून राग येतो. ताश्कंदला अर्धा दिवस पुरतो, पण कशानंतर काय बघायचं ते नीट ठरवायला हवं. माझ्या मते ते १९६६ साल डोळ्यांसमोर ठेवून ठरवावं.

त्या वर्षी १० जानेवारीला इथं भारत-पाकिस्तान करारावर सह्या झाल्या आणि त्याच रात्री लालबहादूर शास्त्री गेले. साडेतीन महिन्यांनी, २६ एप्रिलच्या पहाटे, भूकंप झाला. रिश्टर मापावर पाचाच्या थोडा वर, म्हणजे आकडा ऐकून कुणी दचकणार नाही. पण केंद्र थेट शहराखाली आणि अगदी उथळ होतं. मध्यवस्तीतली मातीच्या विटांची घरं बसली, जवळजवळ तीन लाख माणसं उघड्यावर आली. शास्त्रीजींनी जे ताश्कंद पाहिलं त्यातलं आज फार थोडं शिल्लक आहे. म्हणून जुनं टिकलेलं आधी, नवं उभारलेलं नंतर आणि स्मारकं शेवटी बघायची. उलट केलंत तर स्मारकासमोर लोक नुसते फोटो काढतात, कारण काय गेलं ते त्यांना ठाऊकच नसतं.

तयारीचं थोडक्यात सांगते. ई-व्हिसा घरबसल्या मिळतो. घड्याळ आपल्यापेक्षा अर्धा तास मागे लावायचं. चलन सोम, एका डॉलरला साधारण १२,००० सोम धरून चाला, म्हणजे नोटांवरच्या शून्यांनी गोंधळणार नाही. एप्रिल-मे आणि सप्टेंबर-ऑक्टोबर हे महिने उत्तम. जुलैत पारा चाळिशीला टेकतो आणि जानेवारीत शून्याखाली जातो. रात्रीच्या विमानानं उतरला असाल तर थेट फिरायला निघू नका. झोप काढा आणि ही फेरी दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठला सुरू करा.

गाइड हिंदी बोलणारा मागा. तसा तो मिळतो. ताश्कंदमध्ये शास्त्रीजींच्या नावाची शाळा आहे, तिथं मुलं हिंदी शिकतात. विद्यापीठातही हिंदी शिकवतात. गटात वयस्कर मंडळी असतील तर गाइडचं इंग्रजी आणि त्यांचं इंग्रजी यांच्या मध्ये निम्मी माहिती सांडते. हिंदीत ती थेट पोचते, आणि प्रश्नही मोकळेपणानं विचारले जातात. गाडी ठरवताना चालकाला आधीच सांगा की मधला टप्पा आम्ही मेट्रोनं करणार आहोत: चोरसू बाजारात सोडा आणि नवाई ऑपेरा या नाट्यगृहापाशी उभे राहा. सांगितलं नाहीत तर तो प्रेमानं सगळीकडे गाडीनंच फिरवेल आणि शहरातली सगळ्यात सुंदर जागा तुमची हुकेल.

पहिला मुक्काम हजरती इमाम परिसर. सकाळी ऊन तिरपं असतं, गर्दी कमी असते. बराक खान मदरसा सोळाव्या शतकातला. शेजारी कफ्फाल शाशी या दहाव्या शतकातल्या विद्वानाची कबर, तिच्यावरची आजची वास्तूही सोळाव्या शतकातली. मोठी मशीद मात्र २००७ सालची आहे, हे गाइडकडून वदवून घ्या. नाहीतर निळे घुमट बघून सगळंच प्राचीन वाटू लागतं. इथलं खरं धन म्हणजे तिसरे खलिफा उस्मान यांचं म्हणून ओळखलं जाणारं कुराण, कातड्यावर ठसठशीत कूफी, म्हणजे जुन्या कोनदार वळणाच्या अरबी अक्षरांत लिहिलेलं. हे हस्तलिखित समरकंदहून रशियनांनी सेंट पीटर्सबर्गला नेलं, क्रांतीनंतर ते उफा या रशियातल्या शहराला गेलं आणि १९२४ साली ताश्कंदला परत आलं. युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत त्याचं नाव आहे. एका पानावर मोजक्याच ओळी, एकेक अक्षर बोटभर उंच. अरबी येत नसली तरी बोरूचा दाब कुठे वाढला आणि कुठे सुटला ते दिसतं. इथं दहा मिनिटं नुसतं उभं राहू द्या लोकांना. बायकांनी ओढणी जवळ ठेवावी, बूट-चपला सहज निघतील अशा घालाव्यात. तासाभरात इथून निघा.

चोरसू बाजाराचा निळा-हिरवा घुमट १९८० सालचा, पण बाजार त्याच जागी शतकानुशतकं भरतो. घुमटाखाली तळाला मांस आणि दुधाचे पदार्थ, वरच्या गोल सज्जात सुकामेवा आणि मसाले. तळमजल्यावर घोड्याचं मांसही टांगलेलं असतं. ज्यांना सहन होणार नाही त्यांना थेट जिन्यानं वर न्या. वर जर्दाळू, मनुका, अक्रोड आणि नवात नावाची मोठ्या स्फटिकांची खडीसाखर मिळते. चव बघायला आग्रह करतात, घेतलंच पाहिजे असं नाही. भाव करा, पण हसत करा. कुरुत म्हणून पांढऱ्या गोळ्या दिसतील, त्या वाळवलेल्या आंबट-खारट दह्याच्या. एक तोंडात टाकून बघाच.

पण मी गटाला सगळ्यात जास्त वेळ थांबवते ते बाजाराच्या कडेला, नानच्या भट्ट्यांपाशी. पोरसवदा मुलं कणकेचा गोळा थापतात, मधोमध लोखंडी खिळ्यांचा गोल ठसा मारतात म्हणजे मधला भाग फुगत नाही आणि नक्षीही उठते. ठशाला चेकिच म्हणतात. मग पाठीवर पाणी शिंपडून, नान उशीसारख्या गोल गादीवर घेऊन, खांद्यापर्यंत हात भट्टीत घालून भिंतीला चिकटवतात. बाहेर येतो तो चकचकीत, तीळ लावलेला, कडा जाड. गरम असतानाच विकत घ्या, हातानं तोडा. सुरी लावू नका आणि पालथा तर अजिबात ठेवू नका. इथली म्हातारी माणसं उठून सुलटा करतील. भारतातून आलोय म्हटलं की "हिंदिस्तान!" म्हणून चेहरे उजळतात आणि राज कपूरचं नाव निघतं.

जवळच कुकेलदाश मदरसा आहे, तोही सोळाव्या शतकातला. अंगण बघायला पाच-दहा मिनिटं पुरतात.

आता मेट्रो. चोरसू स्थानकातूनच बसायचं. बँकेचं कार्ड फाटकावर टेकवून आत जाता येतं, भाडं अगदी किरकोळ. प्रवेशाशी पिशव्या तपासतात, त्यात अपमान मानू नका. २०१८ पर्यंत इथं फोटोला बंदी होती, कारण ही स्थानकं अणुहल्ल्यातला आसरा म्हणूनही बांधलेली होती. आता खुशाल काढा. ही मेट्रो मध्य आशियातली पहिली. १९७७ साली सुरू झाली, म्हणजे भूकंपानंतर अकरा वर्षांत, त्याच हादरलेल्या जमिनीखाली. हे वाक्य मी प्रत्येक गटाला फलाटावर उभं करून सांगते.

चोरसूहून दुसरं स्थानक अलिशेर नवाई. तिथं उतरा. छतावर ओळीनं नक्षीदार घुमट आणि भिंतींवर पंधराव्या शतकातल्या या कवीच्या काव्यांतले प्रसंग. त्यात लैला-मजनूही आहेत, शोधा. मग त्याच दिशेनं पुढे दोन स्थानकं: कोस्मोनावतलार. इथं भिंती खालून वर जाताना निळ्याच्या काळ्या होत जातात, पृथ्वी सोडून अवकाशात शिरल्यासारख्या, आणि त्यांवर गोल चित्रं आहेत. गागारिन, तेरेश्कोवा, आणि त्यांच्याबरोबर उलुगबेग. समरकंदला वेधशाळा बांधणारा पंधराव्या शतकातला राजा अंतराळवीरांच्या रांगेत बसवला आहे, याचं मला दर वेळी कौतुक वाटतं. स्थानक १९८४ सालचं; त्याच वर्षी आपला राकेश शर्मा सोव्हिएत यानातून गेला होता. गाड्या काही मिनिटांच्या अंतरानं येतात, तेव्हा एखादी सोडून दिली तरी चालते. गट मोठा असेल तर मात्र चढताना पहिल्या आणि शेवटच्या माणसाला जबाबदारी वाटून द्या.

पुढच्या ओयबेक स्थानकात उतरून आतल्या आतच मिंग ओरिकला जा, तिथून एक स्थानक युनुस राजाबी. वर आलात की अमीर तेमूर चौक. घोड्यावरचा तैमूर १९९३ पासून आहे. त्याआधी इथं झारचा जनरल कॉफमन, स्टालिन आणि कार्ल मार्क्स यांचे पुतळे एकामागून एक येऊन गेले. १३९८ साली दिल्लीची कत्तल करणारा तैमूर इथं राष्ट्रपुरुष आहे. गाइड अभिमानानं बोलेल, तुम्ही शांतपणे दिल्लीचं विचारा. चांगला गाइड टाळत नाही, आणि तो संवाद ऐकण्यासारखा असतो. मागे १९७४ सालचं हॉटेल उझबेकिस्तान, सोव्हिएत काळाचा अस्सल नमुना.

तिथून चालत नवाई ऑपेरा. आराखडा श्चुसेव्हचा, ज्यानं मॉस्कोतली लेनिनची समाधी बांधली त्याचाच. काम १९४७ साली पुरं झालं आणि ते पुरं करण्यात जपानी युद्धकैद्यांचे हात होते. इमारतीवर तसा फलक आहे, तो वाचल्याशिवाय पुढे जाऊ नका. १९६६ च्या भूकंपात ही इमारत उभी राहिली. आतली सहा दालनं सहा प्रांतांच्या शैलींत सजवलेली आहेत, ती बघायला संध्याकाळच्या प्रयोगाचं तिकीट काढावं लागेल. संध्याकाळ मोकळी असेल तर जरूर काढा.

इथं गाडीत बसा. वाटेत उंच चाळवजा इमारतींच्या आंधळ्या भिंतींवर रंगीत मोझाइक दिसतील. भूकंपानंतर सगळ्या सोव्हिएत प्रजासत्ताकांतून बांधकामगार आले आणि वस्त्याच्या वस्त्या उभ्या राहिल्या. त्या भिंती झार्स्की बंधू या कलाकारांनी सजवल्या. बेघर झालेल्या माणसाला घर देताना त्यावर फुलं काढावीत असं कुणाला तरी वाटलं.

अनहोर कालव्याजवळचं भूकंपाचं स्मारक १९७६ चं. काळ्या दगडाचा ठोकळा, त्यावर घड्याळ, वेळ पाच वाजून तेवीस मिनिटं. ठोकळ्याला तडा गेला आहे आणि तोच तडा जमिनीवरून पुढे सरकत एका कुटुंबाच्या पायांशी पोचतो. पुरुषानं बायकोला आणि बाळाला पाठीशी घेऊन हात पुढे केला आहे. गटाला ठोकळ्यापाशी उभं करा आणि तड्यावरून पावलं टाकत पुतळ्यापर्यंत चालायला सांगा. नव्या नवरा-नवऱ्या इथं फुलं वाहायला येतात.

शेवटी शास्त्रीजी. त्यांच्या नावाचा रस्ता आहे आणि अर्धपुतळा आहे. जाताना फुलं घ्या आणि विक्रेत्याला स्मारकासाठी हवीत असं सांगा. दिवंगतांना तिकडे सम संख्येत फुलं वाहतात, विषम संख्या आनंदाच्या प्रसंगाला. इथं गाइडला थांबवून मी स्वतः बोलते. करारावर सह्या शास्त्रीजी आणि अयुब खान यांच्या, मध्यस्थ सोव्हिएत पंतप्रधान कोसिगिन. संरक्षणमंत्री म्हणून यशवंतराव चव्हाण त्या वेळी ताश्कंदमध्येच होते, हे आपल्याकडे पुष्कळांना माहीत नसतं. मृत्यूबद्दलच्या अफवांची चर्चा कुणीतरी काढतंच. मी ती गाडीत करू देते, पुतळ्यासमोर नाही.

जेवायला एकच्या आत पोचा. टीव्ही टॉवरजवळच्या पलोव, म्हणजे इथल्या पुलावाच्या केंद्रात अंगणातच प्रचंड कढया चढलेल्या असतात. पिवळं गाजर, हरभरे, मनुका, वर मटण. हे दुपारचं जेवण आहे, उशीर केलात तर कढईचा तळ दिसेल. शाकाहारींनी "मांस बाजूला काढून द्या" म्हणू नये, भात चरबीतच शिजलेला असतो. त्यांनी नान, आचिचुक म्हणजे टोमॅटो-कांद्याची कोशिंबीर, सुझमा हे घट्ट दही आणि हिरवा चहा मागवावा. भोपळ्याचा सामसा, म्हणजे भट्टीत भाजलेला समोसा, मिळाला तर उत्तम, पण आत चरबी आहे का ते गाइडकडून विचारून घ्या, पुष्कळदा असते. चहा पेल्यात थोडाच ओततात, तो मान असतो.

त्याच दिवशी अफ्रोसियोब या वेगवान रेल्वेगाडीनं समरकंद गाठायचं असेल तर मूळ पासपोर्ट हातातल्या पिशवीत ठेवा, बॅगेच्या तळाशी नको. स्टेशनच्या दारातच तो बघतात. आणि गाडी सुटायच्या पाऊण तास आधी पोचा, कारण सामानही तिथेच तपासतात.